राजकन्या दुसऱ्या कॅसेटमध्ये आहे

मारिओ या व्हिडिओ गेमच्या चौथ्या टप्प्याच्या शेवटी पूल असतो. पुलावर आग ओकणारा ड्रॅगन, त्याच्या मागे कुऱ्हाड. कुऱ्हाडीला हात लावला की पूल कोसळतो, ड्रॅगन खाली लाव्ह्यात पडतो आणि मारिओ चालत चालत पुढच्या खोलीत जातो. तिथे एक बुटकं पात्र उभं असतं आणि काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत तीन ओळी उमटतात.

मी चौथीत होतो. तेव्हा मराठी शाळांत इंग्रजी पाचवीपासून असायचं. दादा आठवीत. म्हणजे घरात त्या तीन ओळी वाचू शकणारा एकच माणूस, आणि तो माझ्या शेजारी मांडी घालून बसलेला.

“काय लिहिलंय रे?”

“लिहिलंय, शाब्बास मारिओ, आता दादाचा नंबर.”

मी निमूटपणे रिमोट दिला. दुसऱ्या रिमोटची वायर दिवाळीच्या आतच तुटली होती, त्यामुळे एकावरच पाळी लावून खेळायचो. पुढे वर्षभर मी कुऱ्हाडीपर्यंत जीव मुठीत धरून पोचायचो, ओळी दिसल्या की स्वतःहून रिमोट पुढे करायचो, आणि दादा दोन-एकपासून, म्हणजे दुसऱ्या जगाच्या पहिल्या टप्प्यापासून, पुढचं सगळं खेळायचा. मला कधी शंका आली नाही. पहिल्या ओळीत मारिओचं नाव आहे एवढं मला ओळखता यायचं, म्हणजे बाकीचंही खरंच असणार.

पाचवीत गेल्यावर एक दिवस मी त्या ओळी वहीत उतरवून घेतल्या आणि शब्दकोश काढून बसलो. प्रिन्सेस सापडलं, अनदर सापडलं. शेवटच्या शब्दात मात्र मी घाई केली. सी, ए, एस, मधलं काहीतरी, शेवटी ई. होता कॅसल, म्हणजे किल्ला; मी वाचलं कॅसेट! आम्ही सगळेच गेमच्या त्या प्लॅस्टिकच्या डबीला कॅसेट म्हणायचो. राजकन्या दुसऱ्या कॅसेटमध्ये आहे. मी बाबांकडे गेलो आणि दुसरी कॅसेट मागितली. कारण विचारल्यावर खरं तेच सांगितलं. बाबा इतके हसले की कॅसेट आणलीच त्यांनी, ‘९९९९९९ इन १’वाली.

त्या कॅसेटमध्ये राजकन्या नव्हती, पण आजच्या विषयाची सुरुवात होती. नऊ लाख नव्व्याण्णव हजार गेमांच्या यादीत खरे गेम वीस-पंचवीस. बाकी तेच परत परत. पण अगदी तेच नाही. एका ओळीवर दाबलं तर मारिओ थेट आठव्या जगात उभा, दुसरीवर दाबलं तर भलत्याच टप्प्यापासून सुरुवात. शीर्षकाच्या चित्राखाली कंपनीचं नाव असायचं ती ओळ पुसलेली. कुठल्या तरी कारखान्यात कुणीतरी गेमच्या पोटात हात घालून चार आकडे बदलले होते. याला मॉडिंग म्हणतात हे कळायला मला पंधरा वर्षं लागली.

दोन वर्षांपूर्वी साताऱ्याचं घर आवरताना माळ्यावर ते यंत्र सापडलं. जपानच्या निन्टेन्डोचा फॅमिकॉम, १९८३ चा. त्याची ही लाल-पांढरी नक्कल. नऊ व्होल्टचा अडॅप्टर नवा घेतला, कॅसेटच्या पट्टीवर फुंकर मारली (फुंकरीने काही होत नाही, थुंकीने उलट पट्टी गंजते, हे माहीत असूनही मारली) आणि आवाज आला. तोच. थोडा संथ.

या संथपणाची गंमत सांगायलाच हवी. जपान-अमेरिकेतला टीव्ही सेकंदाला साठ वेळा चित्र काढतो, आपला पाल पद्धतीचा पन्नास वेळा. मारिओचं सगळं जग या ठोक्यावर चालतं. म्हणजे आमच्या यंत्रावर पळणं, उडी, संगीताचा ठेका, सगळंच सहा पावलांच्या जागी पाच. गेममधलं घड्याळ दर चोवीस ठोक्यांना एक आकडा उतरतं, तेव्हा चारशेचा वेळ तिकडे साधारण १६० सेकंदांत संपतो आणि आमच्याकडे १९२ सेकंदांत. स्वर मात्र जवळजवळ तेच राहतात, कारण ते वेगळ्या घड्याळावर ठरतात आणि नक्कल करणाऱ्यांनी त्या घड्याळाचा वेग मूळच्या अगदी जवळ ठेवला होता. पहिल्यांदा इंटरनेटवर मूळ वेगातला मारिओ पाहिला तेव्हा मला वाटलं, कुणीतरी फास्ट फॉरवर्ड केलंय. साताऱ्यातल्या माझ्या पिढीला विचाराल तर तिकडचा मारिओच घाईत असतो.

तर, यंत्र चालू झालं आणि डोक्यात किडा शिरला. त्या तीन ओळी मराठीत करायच्या.

सुपर मारिओ ब्रदर्स हा १९८५ चा गेम मुळात केवढा? ४०,९६० बाइट. आईने सकाळी पाठवलेला ‘शुभ प्रभात’चा फोटो याहून मोठा असतो. कॅसेटमध्ये दोन चिप असतात: ३२ किलोबाइटची एक, तिच्यात नियम आणि मजकूर, आठ किलोबाइटची दुसरी, तिच्यात चित्रं. चित्रं म्हणजे आठ बाय आठ ठिपक्यांचे चौकोनी तुकडे, एकूण ५१२. निम्मे हलणाऱ्या पात्रांसाठी, निम्मे मागच्या देखाव्यासाठी. एवढ्यात सगळं. त्यामुळे काटकसर अशी की गरीब घरातली गृहिणी लाजेल. आकाशातला ढग आणि जमिनीवरचं झुडूप हे एकच चित्र आहे, रंग तेवढा बदललाय. ती तपकिरी चालणारी अळंबी, जिला आपण पहिल्या मिनिटाला चिरडतो, ती सगळ्यात शेवटी घेतलेली शत्रू. जागा उरली नव्हती म्हणून तिला चालण्याचं दुसरं चित्रच नाही. एकच चित्र आरशात धरल्यासारखं उलट-सुलट करतात आणि ती तुरुतुरु चालल्यासारखी वाटते. शीर्षकाचा पडदा कसा मांडायचा ती माहितीसुद्धा नियमांच्या चिपमध्ये नाही, चित्रांच्या चिपच्या एका कोपऱ्यात कोंबलेली आहे. पै-पाहुणे आले की स्वयंपाकघरात अंथरूण घालतात ना, तसं.

माझ्याच जुन्या कॅसेटमधल्या चिप वाचून घेतल्या. (ती कॅसेट तरी कुठे अस्सल होती म्हणा. नकलेच्या नकलेत मी फेरफार करत होतो.) वायवाय-सीएचआर नावाच्या जपानी प्रोग्राममध्ये चित्रांची चिप उघडली आणि पडद्यावर सोळा बाय सोळा खणांचा तक्ता आला. पहिल्या दहा खणांत शून्य ते नऊ, मग ए पासून झेड, मग रिकामा खण, मग विटा, ढगाचे तुकडे, नळाचे तुकडे.

मी हा तक्ता आधी पाहिला होता.

आजोबा साताऱ्यात एका छापखान्यात कंपोझिटर, म्हणजे खिळे जुळवणारे, होते. ऑफसेट आल्यावर छापखाना बंद झाला आणि मालकाने त्यांना आठवण म्हणून खिळ्यांची, म्हणजे छपाईच्या शिशाच्या सुट्या अक्षरांची, एक केस दिली. उथळ लाकडी ट्रे, त्यात लहान-मोठे खण. लहानपणी मी त्या खणांत गोट्या ठेवायचो. आजोबा खिळा बोटांत धरून उलटा वाचायचे. सुलटं छापायचं तर उलटं वाचता यायलाच हवं. डिग्री पद्धतीत मात्रा-वेलांट्यांचे खिळे वेगळे असतात आणि ते अक्षराच्या डोक्यावर बसवायचे, आणि अखंड पद्धतीत कानामात्रेसकट अख्खं अक्षर एका खिळ्यात, हे त्यांनी मला समजावलं होतं. निर्णयसागर छापखान्याच्या अक्षरांचं ते असं कौतुक करायचे की त्याचे संस्थापक जावजी दादाजी आमच्याच आळीत राहत असावेत असं मला वाटायचं. छापखाना १८६९ चा, हे फार पुढे कळलं.

आता माझ्यासमोर केस होती, खिळे मला पाडायचे होते आणि खण सव्वीस. अंकांचे दहा सोपे गेले, एका रात्रीत १, २, ३ ची बाराखडी बसली. अक्षरांपाशी मात्र घोडं अडलं. रोमन अक्षर सुटं उभं राहतं, आठ ठिपक्यांत ऐसपैस मावतं. देवनागरीत वरचे दोन थर मात्रा-वेलांटीला, तिसरा शिरोरेषेला, उरले पाच. पाच थरांत ‘ळ’ काढून बघा. खाली उकाराला जागाच नाही. म्हणजे ज्या शब्दात उकार आहे तो शब्द बाद.

डिग्रीने जायचं की अखंडने? सुटा काना ठेवला तर एका काडीसाठी अख्खा खण जातो आणि ओळ दात पडल्यासारखी दिसते. म्हणून अखंड. ‘मा’ हा एक खिळा, ‘रि’ हा एक. एक गोष्ट मात्र आपोआप सुंदर झाली. तिसऱ्या थरातले आठही ठिपके भरले की शेजारच्या खणातली शिरोरेषा येऊन चिकटते. रोमनमध्ये अक्षरांमधली फट सांभाळावी लागते, आपल्याकडे ती बुजवावी लागते. पहिल्यांदा ‘मारिओ’ असं एका रेघेखाली लटकलेलं दिसलं तेव्हा मी रात्री दीड वाजता बायकोला उठवलं. ती म्हणाली, छान आहे, आणि कूस बदलली.

मग शब्द. ‘वर्ल्ड’ला मला ‘मुलूख’ हवा होता. काय शब्द आहे! पण दोन उकार. ‘प्रांत’मध्ये ‘प्रां’ चिखल झाला. शेवटी ‘जग’ घेतलं. बेचव, पण दोन खण आणि स्वच्छ. ‘टाइम’ला ‘वेळ’. ‘वन प्लेअर गेम’ला ‘खेळाडू’ शक्य नव्हतं, तर ‘एकटा’ आणि ‘दोघे’ केलं, आणि ते मुळापेक्षा बरं वाटतं मला. ‘गेम ओव्हर’ला ‘खेळ संपला’ आणि ‘टाइम अप’ला ‘वेळ संपली’ लिहिलं, खण मोजले तर हद्दीबाहेर गेलो होतो.

आजोबा सांगायचे, मोठ्या जाहिरातीत एखाद्या अक्षराचे खिळे संपले की संपादकाकडे जाऊन शब्द बदलून मागायचा. “मजकूर लेखक लिहितो, पण शेवटचा शब्द केसचा.” मीही केसचं ऐकलं. ‘खेळ खलास’, ‘वेळ खलास’. ‘सं’, ‘प’ आणि ‘ली’ तिन्ही वाचले, एकटा ‘ख’ वाढला, आणि गेमला एकदम पत्र्याच्या थिएटरातला बाज आला. फक्त पाच थरांतल्या ‘ख’चं खालचं टोक जुळेना, त्यामुळे ‘रवलास’ दिसायचं. हा आजार जुनाच आहे, छपाईवाल्यांनी ‘र’चं शेपूट ‘व’ला जोडून तो बरा केला. मीही एक ठिपका जोडला.

आणि ती ओळ. ‘शाब्बास मारिओ! आता धाकट्याचा नंबर.’ सगळे मिळून खण बरोबर सव्वीस. मी तीनदा मोजले. ‘दादाचा’ ठेवलं असतं तर एक खण वाचला असता, पण खेळणार दादा होता.

जिथे हात पुरला नाही तिथे पुसून टाकलं. दुसऱ्या खेळाडूच्या नावाच्या जागी कोरे खण. शीर्षकाखालची कंपनीच्या नावाची ओळ याच अक्षरांतून जुळवलेली; खिळे बदलल्यावर तिथे ‘शा’, ‘ट्या’ असलं काहीबाही दिसायला लागलं, तेव्हा तीही पुसली. नऊ लाखवाल्या कॅसेटच्या कारागिरांना असंच झालं असेल असं नाही, पण त्या रात्री मी त्यांच्याच बाकावर बसलो होतो. आठ-चारनंतर राजकन्या भेटते तिथला मजकूर तसाच बरळता सोडला. दादा तिथवर जात नाही.

मजकूर नियमांच्या चिपमध्ये असतो: आधी पडद्यावरचा पत्ता दोन बाइटचा, मग किती अक्षरं तो आकडा, मग अक्षरांचे खण-क्रमांक, शेवटी शून्य. मारिओ म्हणजे १६, ०ए, १बी, १२, १८ (यंत्राच्या सोळा-आधारी मोजणीत, जिथे नऊनंतर ए, बी येतात). ‘थँक यू मारिओ!’ या सोळा अक्षरांच्या इंग्रजी ओळीच्या जागी माझी मराठी ओळ आठ खणांत बसली. मी खूश होऊन आकडा सोळाचा आठ केला आणि उरलेले जुने आठ बाइट तसेच राहू दिले. ड्रॅगन पडला, मारिओ खोलीत गेला, ‘शाब्बास मारिओ!’ झळकलं, आणि पाठोपाठ पडद्यावर भलतंच काही सांडलं. यंत्राने आठ अक्षरं इमानदारीत काढली आणि पुढे नवी ओळ आहे असं समजून वाचत सुटलं. उरलेलं ‘यू’ हे इंग्रजी अक्षर आणि मोकळी जागा मिळून पत्ता झाला, ‘मारिओ’तल्या ‘एम’चा क्रमांक अक्षरांची संख्या झाला, आणि शेवटचं शून्य त्या भरात गिळलं गेलं. चूक शोधायला दोन रविवार गेले. आकडा परत सोळा केला, उरलेल्या आठ जागी कोऱ्या खणाचा २४ भरला. आजोबाही ओळ भरायला कोरं शिसंच घालायचे.

या सगळ्या उलाढालीत मला सर्वात आवडलेला बदल मात्र माझा नाही आणि तो एकाच बाइटचा आहे. १९९० च्या सुमारास गेम जिनी नावाचा जोड निघाला. तो कॅसेट आणि यंत्राच्या मध्ये बसायचा आणि यंत्र एखाद्या ठिकाणचा बाइट मागायला आलं की खऱ्याऐवजी आपला पुढे करायचा. कॅसेटला धक्का नाही. निन्टेन्डो कोर्टात गेली आणि १९९२ मध्ये अमेरिकेच्या अपील कोर्टात हरली. त्याचं मारिओसाठीचं प्रसिद्ध कोड एसएक्सआयओपीओ. ते उलगडून पाहिलं तर काय होतं? मारिओ मेला की यंत्राला हुकूम असतो सीई, म्हणजे लाइफच्या आकड्यातून एक वजा कर. कोड तिथे एडी ठेवतं, म्हणजे तोच आकडा नुसता बघ. यंत्र दर मरणाला तिजोरी उघडतं, आकडा पाहतं आणि बंद करतं. इतका सभ्य दरोडा मी दुसरा पाहिलेला नाही. हा बाइट मी माझ्या कॅसेटमध्ये घातला नाही. दादाला अमर करायची माझी इच्छा नव्हती.

इम्युलेटरवर, म्हणजे लॅपटॉपवर त्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर, सगळं नीट चालत होतं, पण लॅपटॉपवर नुसतं दाखवून काय करायचं? पुण्यात तपकीर गल्लीत जाऊन दोन ईप्रॉम चिप आणल्या, २७सी२५६ आणि २७सी६४. पाठीवर काचेची खिडकी असलेल्या. त्या खिडकीतून अतिनील प्रकाश पाडला की आतलं सगळं पुसलं जातं आणि चिप कोरी होते; म्हणून लिहून झालं की खिडकीवर चिकटपट्टी लावायची. माझी पहिली चिप अर्धवट पुसलेली निघाली आणि मारिओला ढगाचं डोकं आलं. दुकानदाराने एक शब्द न बोलता बदलून दिली, फक्त विचारलं, “कशाला लागते हो ही आता?” मी म्हटलं, भावासाठी. त्याने मान डोलावली. त्या गल्लीत याहून विचित्र कारणं रोज ऐकत असेल तो. जुन्या कॅसेटमधल्या चिप उपटून तिथे सॉकेट बसवले, डाळीच्या डब्याच्या झाकणावर ठेवून झाळ दिला. डबीवर जुना स्टिकर तसाच ठेवला.

दादा गणपतीला आला. आता तो पन्नाशीकडे झुकलाय, गुडघा धरतो, पण यंत्र पाहिल्यावर सतरंजीवर मांडी घातलीच. आईने जपून ठेवलेला जुना डब्बा टीव्ही होता, त्याला वायर जोडली. ‘एकटा’, ‘दोघे’ वाचून तो माझ्याकडे बघून हसला. ‘जग १-१’. पहिल्याच अळंबीला धडकून मेला. ‘वेळ’ पाहून म्हणाला, “ळ चांगला काढलायस. आजोबांना दाखवायला हवा होता.” मग गप्प होऊन खेळायला लागला. एक-दोनच्या भुयारात दोन लाइफ घालवल्या, ‘खेळ खलास’ झाल्यावर खो-खो हसला, परत सुरू केलं. एक-तीनला हात बसला. एक-चारला ड्रॅगनपाशी मी श्वास धरून होतो, चौथीत धरायचो तसाच. कुऱ्हाड. पूल गेला. मारिओ चालत खोलीत गेला.

‘शाब्बास मारिओ!’

‘आता धाकट्याचा नंबर.’

टीव्हीच्या त्या धुरकट पडद्यावर ‘ट्या’ जरा फासला गेला होता, पण वाचता येत होतं. आईलासुद्धा मागून वाचता आलं, ती हसली. मी हात पुढे केला.

दादाने पडद्याकडे पाहिलं. मग डोळे बारीक केले. मग खिसा चाचपला.

“काय लिहिलंय रे?” तो म्हणाला. “चष्मा वर राहिलाय माझा.”

तोवर दोन-एक सुरू झालं होतं, आणि तो पळत सुटला होता.